मंजुळामावशीची नक्कल

एका बर्फाळ समुद्रात पांढऱ्या देवमाशांचा एक कळप राहत होता. त्या कळपात मंजुळा नावाची एक मावशी होती. या देवमाशांची पिल्लं जन्मतात राखाडी आणि मोठी होता होता पांढरी होतात. तोवर धुकं पडो की बर्फ दाटो, त्यांनी मंजुळेच्या हाकेमागे जायचं, अशी कळपाची रीत होती. तिचा गळा भारी गोड. पण गोड गळ्याला कौतुकाची चटक लागायला कितीसा वेळ लागतो?

पुढे त्या समुद्रात जहाजं येऊ लागली. त्यांची घरघर सुरू झाली की आईची हाक लेकराला ऐकू येईना. म्हाताऱ्या धास्तावल्या. मंजुळेने मात्र ती घरघर हुबेहूब उचलली. पिल्लं खदखदून हसली. मग काय, मावशीला चेवच आला! रोज ती बर्फाआड दडून जहाज व्हायची आणि पिल्लं धावत येऊन तिला शोधून काढायची.

तिची बहीण रेवती म्हणाली, "मंजे, ज्या आवाजाला पोरांनी भ्यायचं, त्याच आवाजाकडे तू त्यांना बोलावतेस गं!"

"घटकाभर हसली पोरं, तर तुझं काय गेलं?" मंजुळा फणकारली.

एके सकाळी धुक्यातून घरघर ऐकू आली. रेवतीचा धाकटा गोटू "मावशी सापडली!" म्हणत सुसाट निघाला. मंजुळा तर इकडे कळपातच होती. ती जीव तोडून हाका मारू लागली, पण त्या घरघरीत तिचा गोड गळा बुडून गेला. जहाज आपल्या वाटेने निघून गेलं. त्याला काही कळलंही नाही.

गोटू वाचला. पण जहाजाच्या पंख्याने त्याची पाठ चिरली होती. मंजुळा जवळ गेली, तेव्हा त्याने विचारलं, "मावशी, मी तर तुला शोधलं होतं. मग तू मला मारलंस का?"

बहुतेक देवमाशांना मान वळवता येत नाही, या पांढऱ्यांना येते. मंजुळेने मान खाली घातली. रेवतीने गोटूला आपल्या पोटाखाली घेतलं, त्याचीच मंजुळेला जास्त लाज वाटली.

मंजुळेने नक्कल कायमची सोडली. जहाजाची चाहूल लागली की ती सर्वांआधी हाक मारून पिल्लांना दूर नेई. सगळी तिच्या मागे जात. गोटू मात्र तिची हाक ऐकली की आईच्या पोटाखाली दडून बसे.

तात्पर्य: ज्याच्या हाकेवर लहानांचा भरवसा असतो, त्याने संकटाचा खेळ करू नये. चूक सुधारता येते, पण उडालेला विश्वास हाक मारून परत येत नाही.