तात्यांच्या शेजारची जागा

घाट उतरून खाली आलं की नदीच्या अलीकडे एक छोटं गाव लागतं. तिथे गाड्या थोड्या आणि गाडी कशी चालवावी हे सांगणारे पुष्कळ. या गावात विश्राम तोडकर नावाचे एक म्हातारे गृहस्थ राहत. साऱ्या उमेदीच्या काळात त्यांनी एसटीची बस चालवली होती. घाटातून चालवली, धुक्यातून चालवली, जत्रेच्या गर्दीतूनही चालवली. सगळं गाव त्यांना तात्या म्हणे. त्यांचा मुलगा हेमंतसुद्धा तात्याच म्हणे.

तात्यांकडे एक जुनी मोटार होती. कधीकाळी ती पांढरी होती म्हणतात. ती त्यांनी हौसेसाठी घेतली नव्हती, मालनबाईंसाठी घेतली होती. मालनबाई म्हणजे तात्यांची बायको. त्यांच्या गुडघ्यांनी संप पुकारला होता, त्यामुळे एसटीची पायरी चढणं त्यांना जमत नसे. आणि नदीपलीकडच्या गावात त्यांची थोरली बहीण अंथरुणाला खिळून होती. दर रविवारी तात्या मालनबाईंना तिकडे नेत. मालनबाई बहिणीच्या केसांना तेल लावत, वेणी घालत, आणि दोघी मिळून माहेरच्या सगळ्या माणसांचा समाचार घेत. तात्या बाहेर ओट्यावर बसून चहा पीत. एवढा एक रविवार आला की त्या दोघी म्हाताऱ्यांचा आठवडा निघून जाई.

एका रविवारी पाण्याच्या टाकीच्या कोपऱ्यावर तात्यांनी गाडी उजवीकडे वळवली. मागून सर्जेराव दूधवाला मोटारसायकलवर येत होता. त्याने करकचून ब्रेक मारला आणि तो किटल्यांसकट आडवा झाला. कोपर खरचटलं, दूध रस्त्यावर गेलं.

"तात्या, सिग्नल न्हाई, काय न्हाई, थेट वळलासा की वो!" सर्जेराव उठत म्हणाला.

"सिग्नल दिला होता रं, सर्जेराव."

"मग मला कसा दिसला न्हाई?"

कोपऱ्यावर चहाची टपरी होती. टपरीवरच्या कुणालाच सिग्नल दिसला नव्हता. तात्या गोंधळून आपल्या हाताकडे पाहू लागले. स्टिअरिंगखालची दांडी आपण खाली केली, हे त्यांना पक्कं आठवत होतं.

हेमंत जिल्ह्याच्या गावी नोकरीला होता आणि शनिवार-रविवार घरी येई. तो गाडी घेऊन दस्तगीर मुलाणीच्या गॅरेजवर गेला. दस्तगीर हा गावातला नावाजलेला मिस्त्री. इंजिनाचा आवाज ऐकून रोग सांगणारा. त्या दिवशी मात्र त्याच्यापुढे एक ट्रॅक्टर पोट उघडून पडला होता आणि ट्रॅक्टरचा मालक डोक्यावर बसला होता. दस्तगीरने मोटार उभी होती तिथेच चावी फिरवली. दांडी खाली केली, उजवा दिवा लुकलुकला. वर केली, डावा लुकलुकला. फ्यूज पाहिला, बल्ब काढून पाहिले. सगळं जागच्या जागी होतं.

"हेमंतदादा, गाडीला काय बी झालेलं न्हाई," तो हात पुसत म्हणाला. "तात्याच इसरत्यात. वय झालं आता."

हेच तो पुढे टपरीवर चहा पिता पितासुद्धा म्हणाला. वाईट मनाने नव्हे, सहज म्हणाला. वय झालं, हे मोठं सोयीचं उत्तर असतं. ते दिलं की पुढे काही शोधावं लागत नाही, आणि ज्याच्याबद्दल दिलं त्याला खोडून काढता येत नाही. संध्याकाळपर्यंत तात्यांचं वय झाल्याचं साऱ्या गावाला ठाऊक झालं.

मालनबाईंनी मुलाला सांगून पाहिलं. त्या तात्यांच्या शेजारच्या जागेवर बसत, म्हणून त्यांना ठाऊक होतं. "अरे, टिकटिक सुरू झाली होती. मी ऐकली. वळता वळता बंद पडली."

हेमंत हसला. "आई, तू त्यांचीच बाजू घेणार."

पुढच्या रविवारी तात्यांनी जुना मार्ग काढला. पूर्वी बस वळवताना ते खिडकीतून हात बाहेर काढून दाखवत, तसा त्यांनी उजवा हात पूर्ण बाहेर काढला. दांडी खाली केली ती वेगळीच. शाळेच्या पोरांना गंमत वाटली. पोरंही हात लांब करून गाडीमागे पळाली. टपरीवर कुणीतरी हळहळून मान हलवली. हे सगळं हेमंतने पाहिलं आणि त्याचा जीव धसकला. घरी आल्यावर तो बापाला म्हणाला, "तात्या, आता गाडी नको. उद्या कुणाच्या जिवावर बेतलं तर?"

तात्यांनी वाद घातला नाही. खिशातून चावी काढली, मुलाच्या हातावर ठेवली आणि आत जाऊन पडले. मुलगा काही वाईट नव्हता. त्याला बापाची काळजी होती, म्हणून तर हे सगळं इतकं कठीण झालं होतं.

त्यानंतर तात्यांचं घरातलं वागणं बदललं. तात्या नळ बंद करत आणि परत जाऊन बघत. कडी लावत आणि पुन्हा हलवून बघत. चहात साखर घातली की चमचा हातात धरून विचारत, "घातली का गं मी?" ज्या माणसाने भर धुक्यात घाटातल्या वळणावर कधी हात डगमगू दिला नाही, तो आता गॅसच्या बटणाला हात लावायला भिऊ लागला. गावाने म्हटलं ते ठीक, पण तात्यांनी स्वतःच ते मानलं होतं. मालनबाईंना याचंच सगळ्यात जास्त दुःख झालं.

हेमंत म्हणाला होता की आईला मावशीकडे मी नेईन. एका रविवारी नेलं. मग त्याच्या कामाची गर्दी सुरू झाली आणि राहूनच गेलं. नदीपलीकडून निरोप येई, "मालन कधी येणार?" मालनबाई काहीतरी कारण कळवत. शेवटी हेमंतने गाडीला गिऱ्हाईक पाहिलं, आणि विकण्याआधी जरा झाडूनपुसून ठेव म्हणून ती दस्तगीरकडे लावली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मालनबाई भिंतीचा आधार घेत घेत गॅरेजवर पोचल्या. सोबत तात्यांना ओढून आणलं होतं. दस्तगीरने लगबगीने स्टूल पुसून दिलं.

"दस्तगीर, ही गाडी तू उभी ठिवून बघितलीस का चालवून?" त्यांनी विचारलं.

"उभी ठिवून, काकी. दिवंच तर बघायचं हुतं."

"मी चालत्या गाडीत बसते. तू एकदा माझ्या जागंवर बस. हे चालवतील. मग काय इकायची ती इका."

"अगं, नको," तात्या म्हणाले. "कुणाला लागलं-बिगलं तर?"

दस्तगीरलाही वेळ नव्हता. त्याने आजूबाजूला पाहिलं. पण मालनबाई स्टुलावर अशा काही बसल्या होत्या, की हो म्हटल्याशिवाय त्या तिथून उठणार नाहीत हे स्पष्ट दिसत होतं. त्याने पाना खाली ठेवला आणि तो तात्यांच्या शेजारी जाऊन बसला.

तात्यांनी चावी लावली आणि ती नीट लागली का, हे पुन्हा हलवून पाहिलं. गाडी हलली आणि ते पुन्हा पुन्हा बघणं थांबलं. शाळेपाशी डावं वळण आलं. दांडी वर झाली, टिकटिक झाली, वळण झालं. देवळापाशी पुन्हा डावं. सगळं व्यवस्थित. दस्तगीरचं लक्ष ट्रॅक्टरकडे जायला लागलं. एवढ्यात पाण्याच्या टाकीचा कोपरा आला. तात्यांनी दांडी खाली केली. समोरच्या मीटरच्या काचेमागे हिरवा बाण लुकलुकू लागला. तात्यांनी चाक उजवीकडे फिरवलं, आणि अर्ध्या वळणात बाण विझला. टिकटिक थांबली. तात्यांना ते कळलंही नाही. त्यांची नजर रस्त्यावर होती, जिथे ड्रायव्हरची असायला हवी तिथेच.

दस्तगीरने वाकून पाहिलं. दांडी खालीच होती.

"तात्या, फिरून एकदा वळा," तो म्हणाला. त्याचा आवाज बदलला होता.

टाकीला वळसा घालून ते पुन्हा आले, पुन्हा वळले. बाण पुन्हा विझला.

गॅरेजवर येताच दस्तगीरने ट्रॅक्टरवाल्याला "जरा थांब" म्हणून सांगितलं. बॅटरीची तार सोडली. हॉर्नचं झाकण काढलं, मधला नट ढिला करून स्टिअरिंगचं चाक उपसलं, खालचं प्लॅस्टिकचं आवरण उघडलं. आत दांडीचा स्विच होता. मिस्त्री लोक त्याला कॉम्बिनेशन स्विच म्हणतात, कारण सिग्नल आणि पुढचे दिवे सगळे त्या एकाच्या अंगावर असतात. दस्तगीरने तो उजेडात धरला. प्लॅस्टिकला केसासारखी चीर गेली होती आणि आतली पितळी पट्टी काळी पडली होती. चाक सरळ असलं की पट्टी टेकलेली राहायची. चाक उजवीकडे फिरलं की चाकाच्या मागच्या बाजूचा दाब स्विचवर येऊन चीर उघडायची आणि पट्टी सुटायची. उभ्या गाडीत त्याने दांडी हलवली होती, चाक फिरवलंच नव्हतं.

दस्तगीर तो स्विच हातात घेऊन खाली बसला. खरी परीक्षा आता होती, आणि ती गाडीची नव्हती. चीर चिकटवून, पट्टी घासून दिली असती तर काम भागलं असतं. जरा साफसफाई केली असं सांगितलं असतं तरी कुणी विचारायला आलं नसतं. त्याचं नाव राहिलं असतं. तात्यांचं वयही मग जिथे गावाने ठेवलं होतं तिथेच राहिलं असतं.

"काय घावलं का रं?" तात्यांनी दारातून भीत भीत विचारलं.

दस्तगीर उठला. काळे झालेले हात त्याने पॅन्टला पुसले आणि स्विच तात्यांच्या तळव्यावर ठेवला.

"तात्या, तुम्ही सिग्नल दिला हुता," तो म्हणाला. "त्या दिवशी बी दिला हुता. मीच बघितलं न्हाई."

तात्या त्या मोडक्या तुकड्याकडे बघत राहिले. मग त्यांनी मालनबाईंकडे पाहिलं आणि त्यांना रडू आलं. मालनबाईंनी पदर पुढे केला. ट्रॅक्टरवाल्यानेही या वेळी घाई केली नाही, आणि त्याच्या बाबतीत हे विशेषच म्हणायला हवं.

असल्या जुन्या गाडीचा नवा स्विच आता कोण बनवतो? दस्तगीर स्वतः जिल्ह्याच्या गावी गेला. तिथल्या भंगारवाल्याकडे अशाच मोडलेल्या गाड्यांतून त्याने एकेक स्विच काढून पाहिला. या वेळी प्रत्येक स्विच दाबून, वाकवून, चाक वळल्यावर येतो तसा दाब देऊन पाहिला. त्यातला धडधाकट होता तो आणून बसवला.

मग तो टाकीच्या कोपऱ्यावर टपरीपाशी गेला. सर्जेराव होता, नेहमीची मंडळी होती. शनिवार असल्यामुळे हेमंतही आला होता. दस्तगीरने मोडका स्विच सगळ्यांसमोर बाकड्यावर ठेवला.

"हितंच बसून मी म्हणालो हुतो, तात्यांचं वय झालं म्हणून. ते खोटं हाय. चूक गाडीची हुती, आणि ती मला घावली न्हाई."

सर्जेरावाने तुकडा उचलून उलटसुलट करून पाहिला. "म्हंजे म्हाताऱ्याला उगाच बोललो की मी," तो पुटपुटला आणि त्याचा चहा तसाच राहिला.

हेमंत घरी आला. तात्या ओसरीवर बसले होते. चावी त्यांच्या हातात देताना त्याला मान वर करवेना. "तात्या, माझं चुकलं."

"चुकलं न्हाई लेका, घाई झाली तुला," तात्या म्हणाले. त्यांनी त्याला जवळ बसवलं. "पर एक सांगतो. कधीतरी मी खरंच इसराय लागीन. त्या दिवशी बी आधी माझ्या शेजारी बस. डोळ्यानं बघ. मग सांग मला. चावी मी आपल्या हातानं तुला दीन."

हेमंतने बापाचा हात घट्ट धरला.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. हेमंत मागे बसला, मालनबाई त्यांच्या जागेवर. टाकीच्या कोपऱ्यावर तात्यांनी दांडी खाली केली. वळण पूर्ण होईपर्यंत टिकटिक चालू राहिली. तरीही तात्यांचा उजवा हात सवयीने खिडकीबाहेर आलाच. मागून येणाऱ्या सर्जेरावाने मोटारसायकल थांबवली आणि आपलाही हात वर केला.

नदीपलीकडे थोरली बहीण वाट पाहून रुसली होती. तिच्या केसांचा गुंता झाला होता. मालनबाई तेलाची वाटी घेऊन तिच्या उशाशी बसल्या आणि एकही केस न ओढता तो गुंता हळूहळू सोडवत राहिल्या.

तात्पर्य: माणसाला दोष देण्याआधी थोडा वेळ त्याच्या शेजारी बसून पाहावं, आणि चुकून दोष दिलाच असेल, तर ज्या चारचौघांत दिला, त्यांच्याच समोर तो परत घ्यावा.