नाव कापलेला विलाप

ग्रीस देशाच्या दक्षिण टोकाला, नुसत्या दगडांच्या एका गावात, एक होती म्हातारी कालिरोई आणि एक होता तिचा शिष्य लेफ्तेरिस. ती मेलेल्यांसाठी विलाप गायची, तो सिनेमाला संगीत द्यायचा.

सूर तो तिच्याच उंबऱ्यावर बसून शिकला, मग अथेन्सला गेला. तिथे म्हणे त्यानं व्हायोलिन-बियोलिन काही हाती धरलं नाही. जहाजाची साखळी फरशीवरून ओढायची, पियानोच्या तारांत खिळे खोचायचे, माणसाचं बोलणं टेपवर घेऊन उलटं वाजवायचं. तीन दिग्दर्शकांनी हाकललं. चौथ्यानं ठेवून घेतलं, आणि मग सगळ्यांनाच तो हवासा झाला. सव्वीस सिनेमे केले.

आता केस पिकल्यावर परत आला, तो एकोणीस वर्षांच्या लेकीला घेऊन. पोर समुद्रात बुडाली होती. तिला चर्चमध्ये ठेवलं आणि तडक कालिरोईच्या दारात उभा राहिला.

“मावशी, माझ्या फोतिनीसाठी गाशील ना?”

म्हातारी शेंगा सोलत होती. मान वर केली नाही.

“माझा यान्निस गेला तेव्हा गायले होते, ते तू चोरून टेपवर घेतलंस.”

“...घेतलं.”

“बंदराच्या गावी सिनेमा लागला, तेव्हा बायकांनी नेलं मला. पडद्यावर घोडा पळतोय आणि मागं मी रडतेय. माझ्या पोराचं नाव मात्र कुठंच नाही. नाव कुठं गेलं रे?”

“कापलं मी. नाव आलं की ऐकणारा त्या एका माणसापाशी अडकतो, मावशी. मला नुसतं दुःख हवं होतं.”

“नुसतं दुःख,” म्हातारी म्हणाली. “बरं. सापडलं का?”

तो उंबऱ्यावर खाली बसला.

“पोरीचं सांग. ठाऊक असल्याबिगर गाऊ काय? आवडीनं काय जेवायची?”

“तिच्या आईला माहीत होतं. तीही गेली.”

“भ्यायची कशाला?”

“मी स्टुडिओत असायचो, मावशी...”

“हसायची कशी, एवढं तरी?”

त्याचा चेहरा उजळला. पिशवीतून त्यानं टेपरेकॉर्डर काढला. “हे आहे माझ्याकडे. सहा वर्षांची होती तेव्हाचं.”

बटण दाबलं. घशात काही अडकलेला कावळा ओरडावा, तसा आवाज आला.

“हे हसणं?”

“तुकडे करून उलटे जोडलेत. सिनेमात विहिरीचा प्रसंग होता.”

“मग सुलटं लाव.”

“मूळ टेपच कापली होती. उरलेले तुकडे... फेकले.”

म्हातारीनं शेंगांची टोपली बाजूला सारली. डोईचा काळा रुमाल सोडला, केस मोकळे करून पाठीवर टाकले. त्या गावची रीतच तशी. प्रेताच्या उशाशी गायला बसायचं, तर बाईनं केस सोडून बसायचं.

लेफ्तेरिस घाईनं उठला. “चल, मी हात धरतो तुझा. चर्च काही लांब नाही.”

“तिच्यापाशी बायका सकाळीच गेल्यात. चांगल्या गातात. दोन हिवाळे इथं येऊन तिनं त्यांच्यासंगं ऑलिव्ह वेचलेत, कांद्याची भाकर मागून खाल्लीय, विंचवाला भिऊन किंचाळलीय. तुला बोलली नाही?”

तो मान हलवून नाही म्हणाला.

“मग मावशी... तू केस कुणासाठी सोडलेस?”

म्हातारीनं त्याच्यासाठी घोंगडी अंथरली.

“आडवा हो, बाळा. डोकं माझ्याकडं कर.”