टिटवीची हाक आणि नादखडा

बाळांनो, एका रानात डोंगराच्या पायथ्याशी एक डोह होता, आणि त्या डोहाकाठी एक टिटवी आपल्या पिलांना घेऊन राहत असे. त्या डोंगराच्या कड्यात नादखडा सापडे. दिसायला तो साधाच दगड, राखी रंगाचा, मधूनमधून निळ्या रेघांचा. पण त्याचे गुण जगावेगळे होते. ओला झाला की तो ऐके आणि तापला की बोले. पहाटेच्या दवात भिजताना जो आवाज कानी पडे, तो खडा पोटात साठवी आणि दुपारच्या उन्हात जशाच्या तसा बाहेर सोडी. म्हणून भर दुपारी, सगळे पक्षी सावलीत गप्प बसलेले असताना, त्या कड्यातून सकाळची किलबिल ऐकू येई. खडा पुन्हा भिजला की आधीचा आवाज पुसला जाई आणि नवा उमटे.

टिटवीचे घर म्हणजे डोहाकाठचे उघडे गोटे. पिलांचा रंगही थेट गोट्यांसारखा. ती दबून बसली की कोल्हा अगदी शेजारून गेला तरी त्याला दिसत नसत. ऊन चढले की टिटवी डोहात पोट भिजवून येई आणि हाक मारी. हाक कानावर पडताच पिले धावत येऊन तिच्या ओल्या पिसांखाली शिरत. कोल्ह्याने हे हेरले. "दिसत नाहीत ना, मग बोलावूनच घेऊ," असे म्हणत त्याने कड्यातून नादखड्याचा एक तुकडा पाडला, पहाटे दवात ठेवून टिटवीची हाक त्यात धरली आणि दुपारी टिटवी डोहावर जाताच तो खडा तापत्या कातळावर ठेवला.

टिटवी पाण्यात पोट भिजवत होती. इतक्यात तिला कातळाकडून आपलीच हाक ऐकू आली. ती बाणासारखी उडाली. पाहते तो पिले कातळाकडे पळत सुटलेली, आणि सगळ्यांत पुढचे पिलू कोल्ह्याच्या पंजाखाली. तिने सरळ त्याच्या डोळ्यांवर झेप घेतली. चोच लागली तसा कोल्हा मागे सरला आणि पिलू सुटले. जाता जाता खडा तोंडात धरायला तो विसरला नाही. करवंदीच्या जाळीपाशी थांबून, खडा पायाशी ठेवून तो म्हणाला, "आज वाचलीस. पण उद्याही ऊन पडणारच. तू पाण्यावर गेली नाहीस तर पिले करपतील, आणि गेलीस तर मी आहेच."

डोहातले कासव हे सारे पाहत होते. ते म्हणाले, "पोरी, पिलांना सांगून टाक, यापुढे माझ्या हाकेला येऊ नका म्हणावं."

"तसं सांगितलं तर उद्या खरंच संकट आलं, तेव्हा मी त्यांना कशी बोलावू?" टिटवी म्हणाली. "त्यांचं काहीच चुकलेलं नाही, आजोबा. आईने बोलावलं म्हणून ती आली. ज्याचं चुकलं, त्याचंच काय ते बघते मी."

पिसे नीट करत ती स्वस्थ बसली आणि तिने विचार केला. कोल्ह्याच्या युक्तीचा सगळा भार त्या खड्यावर होता, आणि खडा काही कोल्ह्याचा मिंधा नव्हता. जो त्याला भिजवील, त्याचे तो ऐकणार.

दुसऱ्या दिवशी पहाटे कोल्ह्याने पुन्हा खडा गवतात ठेवला. टिटवीने काही माहीत नसल्यासारखी रोजची हाक मारली. ती ऐकून कोल्हा खूश झाला आणि जाळीत जाऊन झोपला. तो झोपताच टिटवी डोहात गेली, पिसे गच्च भिजवली आणि खड्यावर बसून तो निथळेपर्यंत ओला केला. तेवढ्यात रानाचा वाघ रोजच्यासारखा चितळांच्या मागावर दबकत तिथे आला. टिटवी त्याच्या डोक्यावर घिरट्या घालत ओरडू लागली. चितळे सावध होऊन उधळली. शिकार हातची गेली तसा वाघ इतका चिडला की त्याने लागोपाठ डरकाळ्या फोडल्या, आणि सारा कडा दणाणला. टिटवीला भीती वाटली नाही असे नाही. पण खडा तिथे ऐकत होता, म्हणून वाघाचा आवाज थांबेपर्यंत ती तिथून हटली नाही. कोल्हा मात्र जाळीत आणखी आत सरकला आणि वाघ निघून गेला असे समजून पुन्हा झोपी गेला.

दुपारी टिटवी डोहावर गेली. वाघ पलीकडे जांभळीच्या सावलीत पडला होता. कोल्ह्याने खडा उचलला आणि गोट्यांकडे निघाला. वाटेतच ऊन लागून खडा तापला, आणि कोल्ह्याच्या दाढेतून टिटवीच्या ओरडण्यापाठोपाठ वाघाची डरकाळी बाहेर पडली.

वाघ ताडकन उठला. एका झेपेत तो कोल्ह्यासमोर येऊन उभा राहिला. "माझ्या रानात डरकाळी फोडणारा तू कोण?"

कोल्ह्याने घाईघाईने खडा खाली टाकला. "महाराज, मी नाही, हा दगड..." एवढे तो म्हणतो न म्हणतो तोच दगडाने त्याच्या पायाशी दुसरी डरकाळी फोडली. पुढचे सांगायला कोल्हा थांबला नाही. शेपूट पायांत घालून त्याने धूम ठोकली ती थेट डोंगरापलीकडे, आणि वाघ कितीतरी वेळ त्याच्या मागे होता. त्या रानात कोल्हा पुन्हा कधी दिसला नाही.

गोट्यांवर शांतता पसरली. टिटवी ओल्या पिसांनी परत आली आणि तिने हाक मारली. इकडून एक, तिकडून एक अशी सगळी पिले गोट्यांतून उठली आणि जराही न थबकता तिच्याकडे धावत आली.

तात्पर्य : आपल्यावर विश्वास टाकणाऱ्यांना संशय शिकवण्यापेक्षा, त्या विश्वासाचा गैरफायदा घेणाऱ्याला धैर्याने आणि युक्तीने आवरावे.