मधाचे पान

आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यावरच्या एका बंदरात एकदा एक वृद्ध गुरुजी राहत होते. तीस वर्षे त्यांनी त्या खंडातल्या नाना भाषांचे शब्द वह्यांत उतरवले होते. आता दृष्टी अधू झाली, म्हणून त्यांनी शिष्याला सांगितले, की मधाला कुठल्या भाषेत काय म्हणतात, ते पान तेवढे राहिले आहे; ते नीट लिहिलेस तर सगळ्या वह्या तुझ्या, नाहीतर मी त्या पेटीत बंद करीन. शिष्याचा त्या वह्यांवर फार जीव होता.

तो हुशार होता, आणि ते त्याला जरा जास्तच ठाऊक होते. कानाला लेखणी खोचून तो धक्क्यावर गेला. गलबतावरचे खलाशी, लांबून आलेले हमाल, व्यापारी, जो भेटेल त्याला त्याने विचारले, "मधाला काय म्हणता?" सगळ्यांनी हसून एकच उत्तर दिले. संध्याकाळी त्याने ऐटीत पान पुढे केले. त्यावर एकच शब्द होता, 'असाली'. एवढ्या मोठ्या मुलखात मधाला एकच नाव, असा शोधही त्याने लावला होता.

गुरुजींनी ते पान बाजूला ठेवले. दुसऱ्या दिवशी ते मधाचे मडके घेऊन धक्क्यावर बसले आणि येणाऱ्याजाणाऱ्याच्या तळहातावर चमचाभर मध घालू लागले. प्रश्न एकही नाही. शिष्याला लाज वाटली. लोकांना वाटले असेल, म्हाताऱ्याला चळ लागला. पण सोमाली खलाशाने बोट चाटले आणि डोळे मिटून म्हणाला, "मलब." याओ जमातीचा हमाल पुटपुटला, "ऊची." ओरोमो जमातीच्या व्यापाऱ्याच्या तोंडून "दम्मा" निघाले, तर मादागास्करचा नावाडी "तान्तेली" म्हणून खुदकन हसला. कालचीच माणसे होती ही. शिष्य थक्क झाला.

"काल हे माझ्याशी खोटं का बोलले, गुरुजी?"

"खोटं नाही, बाळा. तू परका. तुला समजावं म्हणून त्यांनी बाजारात सगळ्यांना कळणारा शब्द दिला. केवढं सौजन्य ते! आणि तू त्यालाच त्यांची भाषा समजलास. घरचा शब्द माणूस घरच्या आठवणीतच उच्चारतो. आपण तिथे थांबायचं, घाई करायची नाही."

तिसऱ्या दिवशी मडके घेऊन शिष्य एकटाच बसला. रवांडाकडून आलेली एक चटया विणणारी म्हातारी थांबली. तिने मध चाखला आणि तिचे डोळे भरून आले. शिष्याने लेखणी उचलली होती. ती त्याने खाली ठेवली आणि तिच्या हातावर आणखी मध घातला. मग ती बोलू लागली. झाडाला टांगलेले मधमाश्यांचे पोकळ ओंडके, माश्यांना धूर करणारा बाप, मेणाचा तुकडा चघळत बसलेली धाकटी बहीण. बहिणीला तिने चाळीस वर्षांत पाहिले नव्हते. शिष्य दुपारभर ऐकत राहिला.

संध्याकाळी गुरुजींनी विचारले, "आज काय लिहिलंस?"

"काही नाही, गुरुजी. शब्द विचारायचा राहूनच गेला. त्या आजी बोलत होत्या."

गुरुजी उठले, चाचपडत पेटीपाशी गेले, आणि एकेक करून सगळ्या वह्या त्यांनी शिष्याच्या मांडीवर ठेवल्या.