एका वर्षाचा गिलावा

“मग सांगा ना उस्ताद, भिंतीत एवढं पाणी येतं कुठून?”

कासम मिस्त्री फलाटावरच्या दगडी बाकावर पाय वर घेऊन बसले होते. दुपार कलली होती.

विचारणारा उत्तम बेलखेडे. बारा वर्षांमागं मिस्त्रींच्या हाताखाली याच इमारतीवर चुन्याचं काम शिकत होता. मधेच सोडून शहरात गेला, ठेकेदार झाला. आता आमच्या खैरी स्टेशनची जुनी इमारत नीट करायचं काम फिरून त्याच्याकडंच आलं होतं.

छोटी गाडी बंद होऊन अठरा वर्षं झाली. मी इथला हमाल. ओझी संपली, तरी बसायला इथंच येतो. म्हणून हे ऐकलं.

“तीनदा गिलावा केला,” उत्तम म्हणाला. “सिमेंट चांगलं, वाळू धुतलेली. तीनदा फुगला. आतून ओल मारतेच आहे. सोमवारी रेल्वेचे साहेब तपासायला येणार. फुगलेली भिंत बघितली की धोकादायक म्हणून सही करतील. मग मशीन येईल. एका दिवसात इमारत भुईसपाट.”

“पिशवीत काय आणलंस?”

“पेढे. तुमच्यासाठी.”

मिस्त्रींनी प्लॅस्टिकच्या पिशवीतून खोका काढला. एक पेढा मला दिला, एक स्वतः खाल्ला, सावकाश. मग रिकामी पिशवी उत्तमच्या उजव्या हातावर चढवली आणि मनगटाशी सुतळीनं बांधली.

“हे काय हो?”

“राहू दे.”

उत्तम हसला. “बारा वर्षांनी आलो, तर बांधून घालता? पळून जाईन म्हणून?”

“मागं बांधला नव्हता. गेलासच की.”

उत्तमचं हसू गेलं.

“जाऊ नको तर काय करू?” तो जरा चढ्या आवाजात म्हणाला. “पंधरा पंधरा दिवस चुना भिजवा, मळा, बेलफळाचा गर घाला, गुळाचं पाणी घाला. एवढं करून पावसाळ्यात पापुद्रे पडतातच. दर दसऱ्याआधी तुम्ही आपले शिडीवर. खरवडा, पुन्हा लावा. मी लावलाय तो शंभर वर्षं हलायचा नाही, असा लावलाय.”

“हं. आणि भिंत?”

“भिंत...”

तो बाकाच्या टोकाला येऊन बसला.

मिस्त्री अलीकडं फार थकलेत. बोलायच्या आधी एक श्वास घेतात, बोलून झाल्यावर एक. आम्ही तिघं समोर बघत बसलो. रूळ उखडून नेले तिथं तरवड माजलाय. चार शेळ्या त्यातून वाट काढत होत्या...

बऱ्याच वेळानं उत्तम म्हणाला, “उस्ताद, हात ओला झाला.”

पिशवी आतून धुकट झाली होती.

“पाणी कुणी ओतलं?”

“कुणी नाही. घामच तो, बाहेर जायला वाट ना...”

तो थांबला. भिंतीकडं बघत राहिला.

मिस्त्रींनी सुतळी सोडली. आतला हात पांढरा पडला होता, बोटांना सुरकुत्या आल्या होत्या. उत्तमनं तो वाऱ्यावर धरला. जरा वेळात वाळला.

मग मिस्त्री उठले. माझ्या खांद्याचा आधार घेतला. उत्तमच्या हत्यारांच्या पिशवीतली हातोडी घेतली, तिकीटखिडकीजवळच्या फुगवट्यावर दोनदा मारली. सिमेंटचा अख्खा खपला खाली आला. मागं काळा दगड होता. ओला, पण सांध्याला सांधा धरून.

त्यांनी त्यावर तळवा टेकला. आजारी माणसाच्या कपाळाला लावतात तसा.

“फुगलाय तो तुझा गिलावा. दगड हललेला नाही. सगळा खरवडून काढ. सोमवारी साहेबाला उघडी भिंत दाखव. ओळंबा लावून सरळ आहे का बघा म्हणावं.”

“सगळा? उस्ताद, महिन्याचं काम आहे माझं!”

“हो.”

“...आणि मग?”

“वाळू दे. घाई करू नको. मग चुना लाव. दगडापेक्षा कच्चा, ओलीला बाहेर जायला वाट देणारा.”

“कच्चा! आणि साहेबांनी विचारलं, हा किती वर्षं टिकेल, तर?”

“एक.”

उत्तम खाली बसला, पडलेल्या खपल्याशेजारी. तो तुकडा हातात घेऊन उलटसुलट बघितला. चांगला टणक होता.

“एक वर्ष...” तो म्हणाला. आता त्याचा आवाज पार उतरला होता. “तुमच्यानं शिडी चढवत नाही. इथं गाडी नाही, माणूस नाही, कुणी बघायला नाही. तुम्ही चाळीस वर्षं दर वर्षी आलात, तुमचं निराळं. पुढची चाळीस वर्षं इथं येणार कोण? माझ्यानं नाही होणार, उस्ताद. खोटं कशाला बोलू...”

शेळ्या पलीकडं निघून गेल्या होत्या.

मिस्त्रींनी हातोडी त्याच्यापुढं ठेवली.

“माझ्यानं तरी कुठं झालं, बेटा? चाळीस वर्षं मी कधी आलोच नाही. दर खेपेला नुसता यंदापुरता आलो.”