गप्प राहिलेली आई

फार जुनी गोष्ट. नदीकाठच्या चिंचेवर कावळ्याचं एक पिल्लू पतंगाच्या मांज्यात अडकून उलटं लोंबकळू लागलं. रिवाजाप्रमाणे सगळे कावळे जमले आणि आक्रोश करू लागले. अशा वेळी जो ओरडणार नाही त्याला काळीजच नाही, असं त्यांच्यात मानत.

पिल्लाची आई मात्र गप्प होती, कारण तिच्या चोचीत मांजा होता. तो क्षणभर सोडून ती शेजारच्या काजळला, एका म्हाताऱ्या, विचारी कावळ्याला म्हणाली, "भावोजी, दुसरीकडून धरा हो. दोघांनी ओढलं तर तुटेल."

काजळला पटलं. त्याने मांजा चोचीत धरला, तोच वरून कुणीतरी विचारलं, "काय काजळराव, घसा बसला की माया आटली?"

सगळे त्याच्याकडे पाहू लागले. एवढे जण कसे चुकतील, आपलंच चुकत असेल, असं वाटून त्याने मांजा सोडला आणि सगळ्यांहून मोठा टाहो फोडला.

उन्हं कलली तेव्हा पिल्लू हलायचं थांबलं. आईची चोच रक्ताने माखली होती.

परतताना कावळे म्हणाले, "काजळराव, आज तुम्ही जातीची लाज राखलीत. नाहीतर ती आई! एकदा तरी ओरडली का?"

"नाही," काजळ खाली बघत म्हणाला, "एकदाही नाही."