भर पंगतीत घ्यायचं नाव

"लाडू बंद करायचे म्हणता? मग आधी तुमची लुगडी बंद करा!"

"लुगडं निदान तीन वर्षं टिकतं, वरची आळी! तुमचा लाडू संध्याकाळपर्यंत टिकत नाही!"

"तुमचं लुगडं पहिल्या धुण्यात रंग सोडतं, खालची आळी!"

जांभूळपेठेच्या दरबारात तिसऱ्या दिवशीही हेच चाललं होतं. वरच्या आळीचे मल्लूशेट हलवाई आणि खालच्या आळीचे संभूअप्पा कोष्टी. नऊ वर्षांत दोघांनी एकमेकांचं नाव म्हणून तोंडातून काढलं नव्हतं. वाटेत गाठ पडली की एक आकाश बघायचा, दुसरा गटार.

पेठ दर तीन वर्षांनी आपला चौधरी निवडायची. घरटी एक सुपारी, दोन रांजण. ज्याच्या रांजणात सुपाऱ्या जास्त, त्याच्या हाती बाजाराचा कारभार. पण सुपारी पडायच्या आधी महिनाभर मल्लूशेट गावाला लाडवांच्या जेवणावळी घालायचे, संभूअप्पा लुगडी वाटायचे, आणि जो निवडून यायचा तो पुढं भाजीवालीच्या टोपलीवरसुद्धा पट्टी बसवून सगळं वसूल करायचा. शेवटी लोकांनी ओरड केली. महाराज चिडले.

"दोघं मिळून एकच कायदा लिहा! वाटपाला आळा बसला पाहिजे, आणि खाली दोघांचीही सही पाहिजे. तीन दिवस देतो. नाही जमलं, तर निवडणूक कायमची बंद. आमचे मेहुणे होतील चौधरी!"

मेहुणे तयारच होते. घोडे बांधायला त्यांनी बाजारचा चौकही बघून ठेवला होता. नेमका तोच चौक, जिथं भिवरा आचारणीची चूल वीस वर्षं पेटत होती.

आता घंगाळातल्या पाण्यावरचं घटिकापात्र काठोकाठ भरत आलं होतं. ते बुडालं की मुदत संपली. मेहुणे पागोटं सारखं करून बसले.

तेवढ्यात भिवरा ताकाचा हंडा घेऊन आत आली. जेवणावळी कमी कशा कराव्यात यावर विचार करायला जमलेल्या मंडळींनी तीन दिवसांत तिच्याकडून पाच पंगती उठवल्या होत्या! तिनं हंडा दाणकन खाली ठेवला.

"महाराज, कायदा मी सांगू?"

"तू?" मेहुणे हसले. "तू आमटीला फोडणी दे!"

"तीच द्यायला आलेय, मेहुणेसाहेब. जरा मागं सरा, उडेल अंगावर!"

महाराजांना गंमत वाटली. "सांग, पण झटपट. पात्र बुडतंय."

भिवरा मल्लूशेटांच्या कानाशी वाकली. "शेट, लग्नाच्या पंगतीत नवरी नाव घेते, तसं. जो उमेदवार लोकांना काही वाटील, त्यानं आधी भर पंगतीत उभं राहून समोरच्या उमेदवाराचं नाव घ्यायचं. उखाण्यात. कौतुकानं! चालेल?"

मल्लूशेटांचे डोळे लकाकले. "म्हणजे तो कोष्टी हात जोडून माझं नाव घेणार? उखाण्यात? आण ती लेखणी!"

भिवरा संभूअप्पांकडे गेली आणि तेच शब्द तिथंही म्हणाली, एक कमी नाही, एक जास्त नाही.

"तो हलवाई? माझं नाव? लाजत लाजत?" संभूअप्पा मांडीवर थाप मारून हसले. "अगं, सही काय, अंगठाही घे!"

कारकुनानं भिवराचे शब्द कागदावर उतरवले, दोघांच्या सह्या झाल्या आणि डुबुक्! पात्र बुडालं.

महाराजांनी कागद मोठ्यानं वाचला. "जो उमेदवार..." आणि मग दोघांना उमजलं की 'जो'मध्ये आपणही आहोत. मल्लूशेटांचा चेहरा गुलाबजामासारखा झाला. संभूअप्पांचा न रंगवलेल्या सुतासारखा.

"आणि चोरून वाटलं तर?" महाराजांनी विचारलं.

"तर चौकात अकरा वेळा, महाराज. बायको समोर बसवून!"

"करून दाखवा बघू!" महाराजांनी फर्मावलं. "कोष्टी, आधी तुम्ही!"

संभूअप्पा उठले, उपरणं पिळत म्हणाले, "चांदीच्या ताटात केशरी पेढा, म... मल्लूशेटांचं नाव घेतो, वाट माझी सोडा!"

"यात कौतुक कुठाय? पळवाट आहे ही!" भिवरा म्हणाली. "शेट, तुम्ही घ्या नीट."

"पैठणीच्या पदरावर नाचतो मोर," मल्लूशेटांनी डोळे मिटले. "संभूअप्पा कोष्टी माझ्याहून... माझ्याहून..."

"थोर! थोर!" अख्खा दरबार ओरडला.

"मेलो तरी म्हणणार नाही!" म्हणत मल्लूशेट मटकन बसले.

महाराज एवढे हसले, एवढे हसले, की त्यांचा मुकुट ताकाच्या हंड्यात पडला! तो मेहुण्यांनाच काढायला लावला.

"माग भिवरा, काय हवं ते माग!"

"चौक द्या. ताम्रपटावर लिहून. घोड्याचं शेपूटसुद्धा तिथं दिसता कामा नये."

"दिला! आणि तुझ्या चुलीला सरकारातून लाकडं!"

इकडे दोघे पुन्हा एकमेकांवर धावले होते.

"तुमच्यामुळं झालं हे!"

"तुम्हीच आधी सही केलीत!"

"आता लाडू नाहीत, लुगडी नाहीत, मग लोकांपुढं तोंड उघडायचं तरी कशाला?"

भिवरानं ताकाचे दोन पेले भरले, दोघांच्या हातात दिले आणि म्हणाली, "चौधरी झाल्यावर करणार काय, ते एकदा सांगून तरी बघा!"